शेजारच्या लॉनमधलं लग्न

नवरा आमदार झाला आणि आमच्या घरात नारळ विकत आणणं बंद झालं. खोटं नाही सांगत. जाईन तिथे ओटी. शाळेचं गॅदरिंग असो, बचत गटाची बैठक असो, कोणाची वास्तुशांत असो, एखादी बाई लगबगीने पुढे येणार, "वहिनी, जरा थांबा हं," म्हणणार आणि माझ्या पदरात तांदूळ, खण आणि नारळ पडणार. सुरुवातीला मला त्याचं कोण अप्रूप! पुढे पुढे गाडीच्या डिकीत नारळ गडगडायला लागले. वळण आलं की ड्रायव्हरकाका म्हणायचे, "मॅडम, लोड सरकला." काका तोफखान्यातून निवृत्त झालेले, राहायला देवळाली कॅम्पात, त्यामुळे नारळसुद्धा त्यांच्या लेखी लोडच. घरात नारळाच्या वड्या, नारळाची चटणी, नारळीभात असं चालायचं. शेवटी साहेबच एकदा जेवताना म्हणाले, "आमटीत तरी नको घालूस, बाई."

साहेब म्हणजे माझा नवरा. लग्न झालं तेव्हा मी त्यांना 'अहो' म्हणायची, पण सगळं गाव साहेब म्हणायला लागल्यावर माझ्याही तोंडात तेच बसलं. नव्वद सालानंतरची ती वर्षं. आधी ते नगरसेवक होते, मग आमदार झाले. मी नाशिकच्याच एका शाळेत सातवी-आठवीला मराठी शिकवत होते. ते निवडून आल्यावर नोकरी सोडावी लागली, कारण रोज सकाळी आमच्या दारात माणसांची जत्रा आणि सगळ्यांना चहा. नोकरी गेली पण बाईंचा आवाज गेला नाही. अजूनही मी नुसतं 'काय रे' म्हटलं की समोरचा माणूस हात मागे घेऊन उभा राहतो. मतदारसंघात त्याचा फार उपयोग झाला.

आमदाराच्या बायकोला काम काय असतं, असं लोक विचारतात. अहो, आमदाराला विधानसभा असते, त्याच्या बायकोला लग्नं असतात. लग्नसराईत आमच्या बैठकीच्या खोलीत एक दोरी बांधलेली असे आणि तिच्यावर कपडे वाळत घालावेत तशा पत्रिका लटकवलेल्या. साहेबांचे स्वीय सहायक, आम्ही त्यांना पीए म्हणायचो, रोज सकाळी दोन याद्या करायचे. ज्या घरात वजनदार माणसं, ती लग्नं साहेबांच्या यादीत. उरलेली माझ्या. मोठी तिथ असली की माझ्या वाट्याला आठ-दहा लग्नं यायची. एक सायखेड्याला, लगेच दुसरं सिन्नरला, तिथून पुन्हा नाशिकरोड. मांडवात पोचलं की माईकवाला ओरडायचा, "आमदारसाहेबांच्या सुविद्य पत्नी यांचं मंडपात आगमन झालेलं आहे!" मग हात धरून स्टेजवर, दोन मिनिटं आशीर्वाद, सत्कार, ओटी, "जेवल्याशिवाय जायचं नाही" असा आग्रह, एक जिलबी तोंडात आणि पुन्हा गाडीत. संध्याकाळी घरी आले की मला एकाही नवरीचा चेहरा आठवायचा नाही.

आणि आमच्यासाठी लग्नं खोळंबायची! मुहूर्त साडेबाराचा, नेते येणार दीडला, तोवर नवरी मुंडावळ्यांखाली घामाने निथळतेय, म्हातारी माणसं भुकेने कळवळताहेत, भटजी घड्याळ बघून चडफडताहेत. पहिल्या वर्षी मला याची इतकी लाज वाटायची की मी एका मांडवात माईकवरून सगळ्यांची माफी मागितली. पीएंना ते आवडलं नाही. "वहिनी, अशी माफी मागायची नसते, लोकांना वाटतं काहीतरी चुकलंच," म्हणाले. मग मी माफी मागणं सोडलं. सवय वाईट हो. चार-पाच वर्षांनी अशी वेळ आली की मांडवात पाय ठेवल्यावर माईकवर नाव यायला अर्धं मिनिट लागलं तरी मी आतल्या आत धुमसायची. आता सांगताना हसू येतं, पण तेव्हा खरंच राग यायचा.

या सगळ्या धबडग्यात माझं स्वतःचं म्हणावं असं एक काम होतं. पेठ रोडवर मी मुलींचं वसतिगृह चालवायची. त्याचं असं झालं, एका गावात मी दहावीच्या मुलींना बक्षिसं वाटायला गेले होते. पहिली आलेली पोर वही आणि पेनसेट घेऊन माझ्या पाया पडली आणि मी विचारलं, "आता पुढे काय?" तर म्हणाली, "पुढं काय नाय. कॉलेज नाशिकला, राहायचं कुठं?" इतकं साधं बोलली, जणू काही पाऊस पडत नाही एवढंच सांगत होती. घरी येऊन मी साहेबांना सांगितलं, मुलींसाठी जागा हवी. ते म्हणाले, "बघू." मी म्हटलं, "तो 'बघू' तुमच्या मतदारांसाठी ठेवा, मला उत्तर द्या." महिन्याभरात एका बंद पडलेल्या छापखान्याची जागा भाड्याने मिळाली. भिंतींना शाईचा वास होता, तो दोन उन्हाळे गेला नाही. पेठ, सुरगाणा, दिंडोरी, निफाड तालुक्यातल्या मुली आल्या. आधी अकरा, मग वाढत वाढत तीस झाल्या. साड्यावाटप, चष्मेवाटप, नेत्रशिबिरं, सगळं मी केलं आणि त्या सगळ्याचे फोटोही पेपरात आले. वसतिगृहाचा फोटो कधी आला नाही, आणि जीव मात्र माझा तिथेच अडकलेला.

तिथे स्वयंपाकाला होती ती मावशी. मुली मावशी म्हणायच्या म्हणून मीही म्हणायची, वयाने ती माझ्याहून दोन-तीन वर्षांनी लहानच असेल. सायखेड्याकडची. नवऱ्याने तिला टाकलेलं. मेला नव्हता, चांगला धडधाकट होता, दुसरीकडे दुसरा संसार मांडून बसला होता. मावशी आली तेव्हा बोटाला धरून नऊ वर्षांची मुलगी होती आणि पत्र्याची एक ट्रंक. मी विचारलं, "तीस जणींच्या पोळ्या जमतील का गं?" तर ट्रंक खाली ठेवून म्हणाली, "पीठ कुठं हाय ते दावा." बाई कामाला वाघ होती. आणि तोंडाला फटकळ! माझं भाषण तिने एकदा वसतिगृहाच्या कार्यक्रमात ऐकलं आणि मला सरळ म्हणाली, "वहिनी, लय गोड बोलता तुम्ही. जरा मीठ घाला." कोणी मला असं बोलत नव्हतं तेव्हा. मला ती फार आवडायची.

मुलगी तिथेच वाढली. मोठ्या मुलींच्या पुस्तकांवर अभ्यास करून पुढे गेली, डीएड झाली, एका बालवाडीत लागली. गोरी, आईसारखीच ठसक्यात चालणारी. दोन हजार सालानंतर दोन-तीन वर्षांत तिला येवल्याचं स्थळ आलं. मुलगा शाळेत कारकून, बाप हातमागावर पैठणी विणणारा. पाहायला आले ते वसतिगृहाच्या स्वयंपाकघरातच बसले, कारण दुसरी खोली रिकामी नव्हती. मुलाचा बाप मावशीच्या हातची पिठलं-भाकरी जेवला आणि म्हणाला, "आमाला पोरगी पसंत हाय, आन् विहीणबाई पण." सगळे हसले. देणंघेणं काही नाही, लग्न नाशिकला करायचं, एवढंच ठरलं.

सगळं सुरळीत होतं, गाडं अडलं ते कन्यादानावर. कन्यादानाला जोडपं लागतं. मुलीचा बाप नव्हता, म्हणजे असून नव्हता. मावशीच्या भावाला विचारलं तर त्याच्या बायकोने हात झटकले, "ज्यानं टाकलं त्याच्या पोरीचं पुण्य आम्हाला नको." मावशी तर अशा गोष्टीत बोलायचीच नाही. नवऱ्याने टाकलेली बाई, शुभकार्यात आपण मागे राहायचं, हे तिच्या अंगवळणीच पडलेलं. मुलींच्या हळदीकुंकवालाही ती सगळ्यांना वाण देऊन झाल्यावर दाराशी उभी राहायची. एरवी वाघीण, पण तिथे मांजर व्हायची. मला ते दिसायचं. दिसायचं आणि मी काही करत नव्हते, हेही खरं.

मी मोठ्या रुबाबात जाहीर केलं, "साहेब आणि मी कन्यादान करू." मुली टाळ्या वाजवायला लागल्या. मावशीने डोळ्यांना पदर लावला. मला काय बरं वाटलं म्हणून सांगू! दोन दिवसांनी तिची मुलगी घरी आली. बैठकीत माणसं होती, म्हणून मी तिला स्वयंपाकघरात बसवलं. इकडचं तिकडचं बोलून झाल्यावर ती म्हणाली, "वहिनी, आईने कन्यादान केलं तर नाही का चालणार?"

मी भाजी चिरत होते. मान वर न करता म्हटलं, "अगं, एकटीने नसतं करत. भटजी ऐकणार नाहीत, आणि तुझ्या सासरचे काय म्हणतील? उगाच आईला मांडवात सगळ्यांसमोर अवघडल्यासारखं होईल. आम्ही आहोत ना."

"मला आईनेच करायला हवं होतं," ती म्हणाली. "तिने मला एकटीनेच वाढवलं ना."

"वेडी आहेस," मी म्हटलं आणि तिच्या हातावर वडी ठेवली. नारळाचीच. ती वडी खाऊन गेली.

लॉन मीच मिळवून दिलं. औरंगाबाद रोडला तेव्हा एकामागून एक लॉन्स उभी राहत होती. एका मालकाची दोन लॉनं शेजारी शेजारी होती, मध्ये एक भिंत. मी फोन केला, सांगितलं गरीब घरचं लग्न आहे. तो म्हणाला, "वहिनींचा शब्द म्हणजे काय, घेऊन टाका. भाडं नको." कोणतं लॉन ते मी विचारलं नाही आणि त्याने सांगितलं नाही. इथेच माझी अक्कल गहाण पडली.

लग्नाच्या दिवशी सकाळी साहेबांना मुंबईहून बोलावणं आलं. पक्षाचं काहीतरी अर्जंट. मी डोक्याला हात लावला. ते म्हणाले, "तू हो पुढे, मी लगेच वळतो, मुहूर्त गाठतो." नाशिकहून मुंबईला जाऊन मुहूर्तापर्यंत परत! माझ्याही तेव्हा लक्षात आलं असणार की हे होणं नाही. पण आमच्या घरात अशा गोष्टी लक्षात येऊनही बोलायच्या नसतात. मी कन्यादानासाठी घेतलेली डाळिंबी साडी नेसले. पीएंना बजावलं, आज माझ्या यादीत दुसरं एकही लग्न नको. तरी त्यांनी दोन घुसडलीच. ती उरकून आम्ही औरंगाबाद रोडला लागलो तेव्हा बारा वाजून गेले होते.

आलं ते लॉन. काय ती कमान! फुलांची, दोन माणसं उंच. बँड, घोडा, फेटे, गाड्यांची रांग. आणि गेटवर लॉनचा मालक स्वतः हात जोडून उभा. मला काय वाटावं? मला वाटलं, अगंबाई, माझ्या शब्दाखातर ह्याने मोठं लॉन दिलं! छाती भरून आली. ड्रायव्हरकाका म्हणाले, "मॅडम, बोर्ड वाचू का?" कमानीवर थर्माकोलची नावं लावलेली असतात, नवरानवरीची. मी म्हटलं, "वाचायचं काय त्यात, मालक उभे आहेत की." काकांनी गाडी आत घेतली.

माणसं धावत आली. माईकवर माझं आगमन झालं. कोणीही विचारलं नाही की बाई तुम्ही कोणाकडच्या, कारण आमदाराच्या बायकोला असं कोणी विचारत नसतं. मला सरळ स्टेजवर नेलं. नवरदेव फेटा बांधून खाली मान घालून उभा, नवरी अजून यायची होती. माझ्या हातात माईक दिला. मी बोलायला सुरुवात केली. म्हटलं, ही मुलगी माझ्या डोळ्यांसमोर लहानाची मोठी झाली. हिच्या आईने तीस-तीस जणींच्या पोळ्या लाटून हिला शिकवलं. नवऱ्याने टाकलं तरी ही माउली डगमगली नाही.

मांडवात चिडीचूप. मला वाटलं, लोक हेलावले. मी आणखी रंगात आले. पहिल्या रांगेत एक जाडजूड गृहस्थ बसले होते, गळ्यात सोन्याची साखळी, त्यांचा चेहरा वांग्यासारखा झाला. त्यांच्या शेजारी त्यांच्या सौभाग्यवती, अंगावर हातभर दागिने, त्या माझ्याकडे तोंड उघडं टाकून बघत होत्या. तेवढ्यात नवरी आली. मामाने धरून आणलेली. मी कौतुकाने बघितलं आणि माझ्या तोंडचं पाणी पळालं. ही मुलगी मी जन्मात पाहिली नव्हती.

ते एका मोठ्या कांदा व्यापाऱ्याच्या मुलीचं लग्न होतं. आणि मी भर मांडवात त्याच्या जिवंत, शेजारी बसलेल्या बायकोला नवऱ्याने टाकलं म्हणून सांगून बसले होते! पुढे ते दोघं चांगले ओळखीचे झाले. बाई मोठ्या मनाची, ती गोष्ट सांगून सांगून स्वतःच हसायची, आणि वसतिगृहाला दर हंगामात कांद्याच्या गोण्या पाठवायची. पण त्या क्षणी धरणी दुभंगली असती तर मी आनंदाने आत गेले असते.

मी माईक ठेवला आणि उतरायला लागले, तर भटजींनी अंतरपाट धरला. सावधान! मंगलाष्टकं सुरू झाली. मंगलाष्टकं चालू असताना मांडवातून उठून जात नाहीत, त्यातून स्टेजवरून तर नाहीच. म्हणजे मावशीच्या मुलीचा मुहूर्तही हाच, आणि ती इथेच कुठेतरी आहे, कुठे ते मला माहीत नाही. इथे मंगलाष्टकं म्हणणाऱ्या आत्या, मावश्या, काकवा संपता संपेनात. एकीने तर स्वतः रचलेलं आठ कडव्यांचं म्हटलं. आणि तिने श्वास घेतला की भिंतीपलीकडून दुसरी मंगलाष्टकं ऐकू यायची, बारीक आवाजात. शेजारच्या लॉनमधून. तेव्हा डोक्यात उजेड पडला. मला रडूच फुटलं. बायकांना वाटलं, वहिनी किती हळव्या.

टाळ्या वाजल्या, अक्षता पडल्या आणि मी सुटले. गाडीपाशी गेले तर पुढे घोडा, मागे बँडची गाडी. काका म्हणाले, "मॅडम, पंधरा मिनिटं तरी निघत नाही." मी म्हटलं, "खड्ड्यात गेली गाडी," आणि मांडवामागच्या भटारखान्यात घुसले. तिथे भिंतीला एक खिंडार होतं, आचारी लोक दोन्हीकडे ये-जा करायचे त्यातून. एक बाई मठ्ठ्याचं पातेलं उचलत होती, मी तिला धडकले, निम्मा मठ्ठा माझ्या साडीवर. ती किंचाळली. मी 'माफ कर गं' म्हणत पलीकडे उतरले.

पलीकडे लहान लॉन. दोन-तीनशे माणसं, साधा मांडव, माझ्या वसतिगृहाच्या मुली रंगीत परकरांत इकडे तिकडे पळताहेत. अक्षता पडून गेल्या होत्या. मी स्टेजच्या मागच्या बाजूला होते, मध्ये फक्त पडदा. धापा टाकत होते. आता तीन पायऱ्या चढायच्या आणि जाऊन बसायचं. तेवढ्यात पलीकडून भटजींचा आवाज आला.

"कन्यादानाचे यजमान कुठायत? आमदारसाहेब नाहीत, वहिनीसाहेब नाहीत. मग थांबावं लागेल."

"आले, आले," असं माझ्या ओठांवर आलं होतं. पण मुलगी बोलली. आवाज कापत होता पण चढा होता. "थांबायचं नाही, गुरुजी. माझी आई आहे. ती करेल."

"अहो, पण एकट्या बाईने..."

"गप गं," हा मावशीचा आवाज. "येतील वहिनी. लोकांसमोर काय बोलतीस."

मग मुलाचा बाप बोलला. सावकाश बोलणारा माणूस. "गुरुजी, पोरीची आई हितं समोर उभी हाय, आन् आपण सगळे गेटाकडं काय बघत बसलोय? बसा विहीणबाई. बसा पाटावर."

खरं सांगते, पहिल्यांदा मला रागच आला. माझ्याशिवाय? मी इतकं केलं, लॉन मिळवलं, साडी घेतली, आणि पाच मिनिटं थांबवत नाही? पडद्याआड, अंगावर मठ्ठा, घामाने थबथबलेली, आणि तरी मी नाकाला मिरच्या झोंबल्यासारखी उभी! मग पडद्याच्या फटीतून मला मावशी दिसली. तिने नवी हिरवी साडी नेसली होती, मुलींनी मिळून घेतलेली. ती पाटावर बसत होती, पण पूर्ण टेकत नव्हती, कोणीतरी उठवेल अशा बेताने बसत होती. दोन्ही हात पुढे केलेले. तीस जणींच्या पोळ्या लाटणारे हात. मला माझीच इतकी लाज वाटली की विचारू नका. पोरीने घरी येऊन मला हेच विचारलं होतं, आणि मी मान वर न करता तिला वडी दिली होती.

नेमकं तेव्हाच माईकवाल्याने मला पाहिलं. झालं! "आमदारसाहेबांच्या सुविद्य पत्नी यांचं मंडपात आगमन झालेलं आहे!" सगळ्या माना वळल्या. मावशी चटका बसल्यासारखी पाटावरून उठायला लागली. माझ्याकडे बघून म्हणाली, "या वहिनी, या. मी आपली जागा धरून होते."

पायऱ्या चढून मी तिच्या खांद्यावर हात दाबला. "खाली बस! उठलीस तर बघ." आठवीच्या वर्गातला आवाज निघाला. ती मटकन बसली.

भटजी म्हणाले, "वहिनी, आता तुम्ही आलाच आहात तर विधीप्रमाणे..."

मी म्हटलं, "गुरुजी, साहेब मुंबईला आहेत. मी बसले असते तरी एकटीच बसले असते. माझं चालवून घेतलं असतं ना तुम्ही?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मावशीकडे पाहिलं. भला माणूस होता, वाद घातला नाही. "घेतलं असतं," एवढंच म्हणाले आणि पोथीत बघायला लागले.

कन्यादानात बाप ओंजळ धरतो आणि आई वरून झारीने पाणी सोडते. ओंजळ मावशीची होती. झारी तशीच पडलेली. ती मी उचलली. मावशीच्या हातांवर पाण्याची धार धरली, तिच्या हातांतून ते पाणी जावयाच्या हातांत गेलं, त्याच्या हातांतून तिच्या मुलीच्या. मंत्र काय चालले होते मला ठाऊक नाही. मुलगी रडत होती, मुली रडत होत्या, मावशी मात्र रडत नव्हती. एक थेंबही बाहेर सांडू नये म्हणून ती लक्ष देऊन त्या पाण्याकडे बघत होती. मला फार आनंद झाला. आशीर्वादाचं भाषण मी केलं नाही. माईकवाला दोनदा माईक घेऊन आला, दोनदा परत पाठवला.

मग पंगतीत बसले. कितीतरी वर्षांनी मी एखाद्या लग्नात पाटावर बसून, पुढच्या लग्नाची घाई नसताना, वरणभातापासून जेवत होते. साहेबांचा फोन आला, परत येताना अजून कसाऱ्यापर्यंतच पोचले होते. "जमलं का गं?" म्हणाले. "कन्यादान एकटीने कसं केलंस?"

"मी नाही केलं," मी म्हटलं. "मावशीने केलं."

"ती एकटी? असं चालतं?"

"चाललं," मी म्हटलं आणि फोन ठेवला.

मावशी जिलबीचं ताट घेऊन वाढायला आली. मुलीच्या आईने वाढायचं नसतं त्या दिवशी, पण तिला कोण सांगणार? माझ्या पानापाशी वाकली, दोन जिलब्या वाढल्या, आणि उठलीच नाही. माझ्या मठ्ठ्याच्या साडीकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"वहिनी, एक बोलू? राग नाय ना मानायच्या?"

"बोल की."

"तुम्हाला उशीर झाला ते लय बरं झालं."

घास तोंडातच राहिला माझा. मावशी मान खाली घालून बसली होती, आपण हे काय बोललो असं झालं होतं तिला. मी घास गिळला आणि तिच्यापुढे पान सरकवलं.

"खरंय," मी म्हटलं. "वाढ अजून एक."